तक्रारीची खुर्ची आणि दुसरी शाल

मी तसा दिलदार माणूस आहे. दिलेलं पुस्तक विसरतो, लग्नाचा वाढदिवस विसरतो, कोपऱ्यावरच्या डेअरीत दूध आणायला जातो आणि दूध सोडून सगळं घेऊन येतो. अपमान तेवढा विसरत नाही. तो बरणीत घालून, वर फडकं बांधून मुरत ठेवतो. चौथीत एकानं माझ्या डब्यातली शेंगापोळी पळवली होती. तेवीस वर्षांनी त्याच्या लग्नाला मी मुद्दाम रजा काढून गेलो, पंगतीत त्याच्या शेजारी बसलो आणि त्याच्या ताटातली जिलबी उचलून खाल्ली. तो हसला. त्याला वाटलं, प्रेम आहे.

अशा माणसाच्या वाटेला पोलंडचा एक नाट्यदिग्दर्शक गेला. तेही कुठं, तर ऑकलंडच्या पश्चिमेला, न्यू लिनच्या रेल्वे स्टेशनामागच्या एका हॉलमध्ये. पुढं त्याचं जे झालं ते माझ्या हातून झालं. मला त्याचा पश्चात्ताप नाही. मला पश्चात्ताप आहे तो वेगळ्याच गोष्टीचा, आणि ती गोष्ट या माणसाला सांगितली हीच माझी चूक.

आधी त्याची कारकीर्द सांगतो, म्हणजे गाठ कुणाशी होती ते कळेल. हा गृहस्थ नाटकं बसवायचा नाही, भांडणं बसवायचा. पहिलं नाटक त्यानं खाटकाच्या शीतगृहात केलं. प्रेक्षक कुडकुडत उभे, आणि नट ब्लँकेटं पांघरून त्यांच्याकडं बघत बसलेले. दुसऱ्या नाटकात दोन तास पडदाच उघडला नाही. तिसऱ्यात त्यानं प्रेक्षकांना आत घेऊन दाराला कुलूप घातलं आणि आयुष्यातलं एक तरी पाप माझ्या कानात सांगा, मग सोडतो, म्हणाला. गावचा महापौर म्हणे सगळ्यात शेवटी बाहेर आला. मग काय विचारता. थिएटरबाहेर म्हाताऱ्या बायका जपमाळा घेऊन गुडघ्यांवर बसायला लागल्या. अंडी आली, टोमॅटो आले, मंत्र्याचं भाषण आलं. एका शहरात लोकांनी त्याचा पुतळा जाळायला घेतला, पण माणूस इतका काटकुळा की पुतळा उभाच राहीना. हे पुतळ्याचं मी घातलंय. बाकीचं त्यानं स्वतः आम्हाला सांगितलं, तेव्हा त्यातलंही निम्मं सोडून द्या. थापा मारण्यात आम्ही दोघं सख्खे भाऊ.

त्याच्याकडं एक जाडजूड वही होती. वर्तमानपत्रांतली कात्रणं चिकटवलेली. फक्त शिव्यांची. कौतुक छापून आलं तर तो त्याला कात्री लावायचा नाही. ती वही तो आम्हाला असा दाखवायचा, जशा आमच्या मावश्या लग्नाचे अल्बम दाखवतात.

आणि त्याची सगळ्यात मोठी करामत म्हणजे तक्रारीची खुर्ची. प्रत्येक नाटकात रंगमंचाच्या डाव्या कोपऱ्यात एक लाकडी खुर्ची आणि तिच्यापुढं माइक. नाटक चालू असताना कुणालाही संताप आला तर त्यानं उठून वर यायचं, त्या खुर्चीपाशी उभं राहायचं आणि मनात येईल ते बोलायचं. तो बोलत असेपर्यंत नटांनी जिथल्या तिथं दगड व्हायचं. दिग्दर्शक स्वतः उजव्या कोपऱ्यात टेबलापाशी सफरचंद खात बसायचा आणि ऐकायचा. बोलणाऱ्याला अडवायचं नाही, हा त्याचा धर्म. चौदा देशांत लोक त्या खुर्चीपाशी येऊन त्याच्यावर ओरडून गेले होते. एकीनं चप्पल मारली होती. ती चप्पल त्यानं जपून ठेवली होती.

आता माझं. मी कोल्हापूरचा. कॉलेजात एकांकिका स्पर्धा गाजवलेला. गाजवलेला म्हणजे एकदा उत्तेजनार्थ मिळालं होतं. दोन हजार अकराच्या सुरुवातीला ऑकलंडला आलो, शहरातल्या एका बँकेत सॉफ्टवेअर तपासायला लागलो, पुढं लग्न केलं आणि हिल्सबरोला घर घेतलं. नाटक राहिलं ते मंडळाच्या गणपतीपुरतं. त्यात सहा वर्षांनी बातमी आली, की एका नाट्यमहोत्सवासाठी पोलंडचा कुणी मोठा दिग्दर्शक येतोय आणि त्याला समूहात उभी राहायला परदेशातून इथं आलेली साधी माणसं हवी आहेत. मी इतका साधा दिसलो की त्यानं मला पहिल्या मिनिटात घेतलं.

काम काय, तर हातात बादली घेऊन डावीकडून चौथ्या जागी उभं राहायचं. पण हे मी घरी सांगितलं नाही. घरी सांगितलं की आंतरराष्ट्रीय नाटक आहे आणि शेवटी माझा मोठा प्रवेश आहे. मंडळात सांगताना तो प्रवेश आणखी मोठा झाला. जूनपर्यंत परिस्थिती अशी झाली, की मंडळाच्या ऐंशी लोकांनी रविवारच्या दुपारच्या प्रयोगाची तिकिटं काढून ठेवली होती. आणि त्याच सुमाराला कोल्हापूरहून आई आली. ती दरवर्षी तीन महिने यायची. त्या वर्षी म्हणाली, पोलंडचा माणूस आहे तर मी येणारच.

याला कारण होतं. आईचं माहेर वळिवडे. महायुद्धात तिथं पोलंडच्या निर्वासितांची छावणी होती. आई तेव्हा पाळण्यात. पण तिच्या आईनं त्या बायका पाहिल्या होत्या, त्यांच्याकडून लोकरीचं विणकाम शिकून घेतलं होतं. त्यामुळं पोलंड म्हटलं की आईला परका देश वाटायचाच नाही. तिच्या लेखी तो करवीर तालुक्यातच कुठंतरी होता.

तालमींच्या पहिल्याच रविवारी त्यानं आम्हा बारा जणांना गोल बसवलं आणि म्हणाला, प्रत्येकानं अशी एक गोष्ट सांगा जी घरात कुणालाही माहीत नाही. या खोलीतून ती बाहेर जाणार नाही. छातीवर हात ठेवून म्हणाला. मी बोलका माणूस. गप्प बसण्याची सवय नाही. समोर मोठा दिग्दर्शक, अकरा श्रोते, शांतता अशी की टाचणी पडली तर तिलाच लाज वाटावी. मी सांगून टाकली.

इथं आलो त्याच वर्षी जूनमध्ये वडील कोल्हापुरात दवाखान्यात होते. नोकरी नवी होती, पहिल्या तीन महिन्यांत काढून टाकतील अशी धास्ती होती, म्हणून मी साहेबाकडं रजा मागितलीच नाही. वडिलांना फोनवर म्हणालो, तिकीट काढलंय, रविवारी पोचतो. काढलं नव्हतं. वाटलं, ऐकून बरं वाटेल, हुशारी येईल, मग बघू. पूर्वी दोनदा ते असेच उठून बसले होते. त्या रविवारी ऑफिसातल्या पोरांबरोबर मी रुआपेहूच्या डोंगरावर होतो. आयुष्यात पहिल्यांदा बर्फ बघत होतो. भाड्याचे बूट घालून पाचव्यांदा आपटलो आणि पोटभर हसलो, त्याच सुमाराला ते गेले. आईला मी सांगितलं की विमान रद्द झालं. त्या दिवसांत दक्षिण अमेरिकेतल्या एका ज्वालामुखीची राख उडत इथवर आली होती आणि विमानं खरोखरच रद्द होत होती. थाप मारायला निसर्गानं इतकी मदत मला आधी कधी केली नव्हती.

हे ऐकून दिग्दर्शक रडला. एकाच डोळ्यातून. तेव्हाच ओळखायला हवं होतं.

गुरुवारी पहिला प्रयोग. आमच्या तालमी झाल्या होत्या त्या सगळ्या प्रवेशांनंतर, शेवटाच्या जरा आधी, एक नट अचानक पुढं आला. हा प्रवेश आम्हाला दाखवलाच नव्हता. नटाच्या अंगात माझ्यासारखं जाकीट, बोलण्यात माझ्यासारखे हेल. त्यानं माझी गोष्ट सांगितली. तिकीट, रविवार, बर्फ, राख, सगळी. बर्फात पडल्याची नक्कल इतकी झकास केली की लोक खुर्च्यांतून घसरले. मी चौथा, हातात बादली. नंतर कळलं की आमचे चेहरे खरे पडावेत म्हणून तो प्रवेश लपवून ठेवला होता.

प्रयोग संपल्यावर मी त्याला विंगेत गाठलं. प्रवेश काढ म्हणालो. तो अगदी कौतुकानं माझ्याकडं बघत होता.

"तू चिडलायस," तो म्हणाला. "म्हणजे प्रवेश जिवंत आहे."

"रविवारी माझी आई येतेय. तिला इंग्रजी समजतं."

"मग तिला पहिल्या रांगेत बसव."

मी काय बोललो ते इथं लिहीत नाही, कोल्हापूरला बट्टा लागेल. तो मात्र खूश होता. माझ्या खांद्यावर हात ठेवून त्यानं मला त्या लाकडी खुर्चीपाशी नेलं, तिच्या पाठीवर थोपटलं आणि म्हणाला, तक्रार असेल तर ही आहे ना, रविवारी ये, हवं तेवढं बोल.

तीन दिवस मी बरणीकडं बघत होतो. खुर्चीपाशी जाऊन ओरडलो असतो तर त्याच्या वहीत आणखी एक कात्रण गेलं असतं. ठोसा मारला असता तर दोन गेली असती. या माणसाला शिव्या म्हणजे खुराक. वर मी ओरडलो की आईच विचारणार, कशाबद्दल ओरडतोयस.

आईला घरी ठेवायचे प्रयत्न करून पाहिले. म्हणालो, हॉल फार गार असतो. तिनं दोन स्वेटर काढून ठेवले. म्हणालो, नाटकात नको नको ते दाखवतात. ती म्हणाली, "तीस वर्षं मी सातवी ब सांभाळलीय. तो काय दाखवणार मला." म्हणालो, तुझं डोकं दुखेल. ती म्हणाली, दुखायला लागलंच आहे, तू बोलायचा थांब. बायको भाजी चिरता चिरता माझ्याकडं बघत होती. काहीतरी पाणी मुरतंय हे तिला कळलं होतं, काय ते कळत नव्हतं.

आणि शनिवारी सकाळी चहा पिताना आई सहज म्हणाली, "इतक्या लांबनं पाहुणा आलाय. तुमच्या मंडळानं त्याचा सत्कार ठेवला की नाही?"

मी कप खाली ठेवला. बरणीचं फडकं आपोआप सुटलं.

मंडळाचे अध्यक्ष म्हणजे निवृत्त इंजिनिअर, स्वभावानं देवमाणूस, पण माइक दिसला की त्यांच्यातला देव जाऊन नुसता माणूस उरतो. त्यांनी एकदा हळदीकुंकवाला पाहुण्यांची ओळख करून द्यायला सुरुवात केली होती आणि ती संपेपर्यंत पाहुण्यांची बढती झाली होती. मंडळात दरवर्षी ठराव होतो की काकांना पाच मिनिटांच्या वर द्यायची नाहीत. मी त्यांना फोन केला. म्हणालो, काका, रविवारी दिग्दर्शकाचा सत्कार करायचाय, नाटक चालू असतानाच, तशी त्याची पद्धतच आहे, माइकसुद्धा ठेवलेला असतो.

"किती मिनिटं बोलायचं?" त्यांनी दुखऱ्या आवाजात विचारलं.

"काका, वेळेचं बंधन नाही."

पलीकडून नाक ओढल्याचा आवाज आला. बत्तीस वर्षं हे वाक्य त्यांना कुणी ऐकवलं नव्हतं.

एक गोष्ट मी त्यांना सांगितली नाही. ती मला हॉल सांभाळणाऱ्या बाईंकडून कळली होती. बाई माओरी, उंच, कमरेला किल्ल्यांचा जुडगा, आणि वेळेच्या बाबतीत कोर्टाच्या घड्याळासारख्या. रविवारी सहा वाजता तिथं पोरांच्या कापा हाकाची, म्हणजे माओरी नाचगाण्याची तालीम असायची. पावणेसहाला हॉल रिकामा पाहिजे म्हणजे पाहिजे. राजा असो नाहीतर दिग्दर्शक. मी त्यांना दोनदा विचारून खात्री करून घेतली. त्या म्हणाल्या, स्वीट अ‍ॅज, म्हणजे इथल्या बोलीत झकास, काळजी नको, मी स्वतः दिवे लावीन.

नाटक तीनला सुरू, मध्यंतर नाही, साडेपाचला संपणार. माझा प्रवेश पाच वाजून दहा मिनिटांनी.

रविवारी मंडळ आलं ते लग्नाला आल्यासारखं. पैठण्या, जाकिटं, जिऱ्याच्या गोळ्या. आई पहिल्या रांगेत मधोमध. नाटक सुरू झालं. एका नटीनं अंगावर रंग ओतून घेतला तेव्हा मागून कुणीतरी हळहळलं, थंडीचं नको हो असं. एक नट प्रेक्षकांकडं बोट दाखवून किंचाळला, तुम्ही सगळे मेलेले आहात, तर दोन आज्यांनी मान डोलावली. दिग्दर्शक सफरचंद खायचा थांबला.

सव्वाचारला अध्यक्ष उठले. त्यांच्यामागं कार्यवाह, त्यांच्या हातात मोठं तबक. खुर्चीपाशी येऊन काकांनी माइकवर टिचक्या मारल्या. नट जागच्या जागी दगड झाले. एकाचा पाय वर राहिला तो तसाच. दिग्दर्शकाचे डोळे चमकले. त्याला वाटलं, आली, भारतीय लोकांची चप्पल आली.

"किआ ओरा आणि नमस्कार," काका म्हणाले. "आज आपल्यामध्ये एक थोर विभूती बसलेली आहे."

त्यापुढं जे झालं त्याला मी साक्षीदार आहे. बादली माझ्या हातात होती. काकांनी पाहुण्यांचा परिचय करून दिला. आधी मराठीत, मग पाहुण्यांच्या सोयीसाठी इंग्रजीत. मराठी रंगभूमीचा इतिहास सांगितला, तो पोलंडला कसा जाऊन मिळतो ते सांगितलं. तो मिळत नव्हता, पण काकांनी मिळवला. शीतगृहातल्या नाटकाबद्दल म्हणाले की पाहुण्यांनी गारठ्यातही रंगदेवतेची सेवा सोडली नाही. कुलूप घातलेल्या नाटकाबद्दल म्हणाले की शिस्त ही पाहुण्यांकडून शिकावी. टाळ्या पडत होत्या. वर पाय केलेला नट थरथरायला लागला. मग दोन वहिनींनी स्वागतगीत म्हटलं, चारही कडवी. मग कार्यवाहांनी शुभेच्छांचे संदेश वाचले. वेलिंग्टनच्या मंडळाचा होता, क्राइस्टचर्चच्या मंडळाचा होता, आणि एक माझ्या चुलतभावाचा, तो मी रात्री स्वतः लिहिला होता.

दिग्दर्शकाला काय होतंय ते कळायला अर्धा तास लागला. तो उभा राहिला, बसला, पुन्हा उभा राहिला. थांबवायचं म्हटलं तर आयुष्यभराचा धर्म मोडत होता, आणि महोत्सवाचा फोटोग्राफर समोर कॅमेरा घेऊन. त्यानं माझ्याकडं पाहिलं. मी बादली जरा वर उचलून अभिवादन केलं.

मग ज्येष्ठ महिलेच्या हस्ते सत्कार. आई वर आली. तिनं त्याला खुर्चीत बसवलं. हो, त्याच खुर्चीत. कपाळाला कुंकू लावलं, कोल्हापुरी फेटा चढवला, खांद्यावर शाल घातली, हातात नारळ दिला. इथल्या नारळांना शेंडी नसते, त्याबद्दल काकांनी माइकवरून दिलगिरी व्यक्त केली. आईनं इंग्रजीतून, शाळेतल्यासारखं सावकाश, त्याला वळिवड्याची हकीकत सांगितली.

"तुमची माणसं छावणीत नाटकं करायची," ती म्हणाली. "माझ्या आईनं कुंपणाबाहेर उभं राहून एक पाहिलं होतं. काही कळलं नाही, पण छान होतं म्हणायची. तुमचंही छान आहे."

आणि तिनं दोन्ही हातांनी त्याच्या चेहऱ्यावरून दृष्ट काढून आपल्या कानशिलांवर कडाकडा बोटं मोडली. कॅमेऱ्याचा लखलखाट झाला. आपल्याला चौदा देशांत कुणी असं कुरवाळलं नव्हतं, असा त्याचा चेहरा. मुंज झालेल्या पोरासारखा, मान एका बाजूला वाकलेली.

आभारप्रदर्शन चालू असताना पावणेसहा झाले. हॉलच्या बाईंनी दिवे लावले. दारात काळ्या टीशर्टातली तीस पोरं येऊन उभी राहिली होती. माझा प्रवेश माझ्याच गोष्टीसकट जागीच मेला. नटानं पाय खाली घेतला आणि ढसाढसा रडला. दोन्ही डोळ्यांनी.

तो फोटो जगभर गेला. अर्धं जग म्हणू या. पोलंडमध्ये तर गेलाच, मी कॉम्प्युटरवर भाषांतर करून बातम्या वाचत होतो. खाली छापलं होतं, न्यूझीलंडमधल्या भारतीय कुटुंबांचा लाडका दिग्दर्शक. लाडका. त्या शब्दानं त्याचा घात केला. पुढच्या नाटकाला बाहेर जपमाळा घेऊन कुणी आलं नाही. त्याच म्हाताऱ्या आत आल्या, केक घेऊन. तक्रारीच्या खुर्चीपाशी लोक येऊन वाढदिवसाच्या शुभेच्छा द्यायला लागले. एका समीक्षकानं त्याच्या कलेला ऊबदार म्हटलं. शीतगृहातून सुरुवात केलेल्या माणसाला ऊबदार. अडीच वर्षांनी, म्हणजे दोन हजार एकोणीसच्या डिसेंबरात, तो एका शहरात मुलांसाठी नाताळचं नाटक बसवत होता आणि ज्या मंत्र्यानं त्याच्याविरुद्ध भाषण केलं होतं त्याच्याच हातून पदक घेत होता. तोही फोटो मी पाहिला. मान त्याच कोनात वाकलेली. मी तो छापून घेतला. मीही आता एक वही केलीय. तिच्यात दोनच कात्रणं आहेत, पण रोज बघतो.

ज्याला जे सांगायचं ते सांगू दे. यात मी मीठमिरची लावली असेल तर ती चवीपुरती. पण त्या रविवारचं एक राहिलं, आणि तिथं मला काहीच घालावं लागत नाही.

न्यू लिनहून घरी परतत होतो. बाहेर अंधार पडला होता. बायको मागं, आई पुढं माझ्या शेजारी, तिच्या मांडीवर तबक. त्यात उरलेली एक शाल आणि एक नारळ. मंडळ नेहमी दोन जोड आणतं, ऐन वेळी कुणी दुसरा पाहुणा उगवला तर पंचाईत नको. आई म्हणाली, सत्कार चांगला झाला, पण तुझा मोठा प्रवेश राहिला रे.

मी गप्प बसायला हवं होतं. माझं काम झालं होतं. तिला कधीही कळलं नसतं. पण जिंकलेला माणूस आणि तोही माझ्यासारखा. मला माझी हुशारी कुणाला तरी सांगायचीच होती. मी सांगायला लागलो, काकांना कसं उभं केलं, वेळ कशी मोजली, हॉलच्या बाईंना कसं विचारलं, आणि हे सगळं त्या शेवटच्या प्रवेशाला कसं पुरून उरलं. मी हसत होतो. स्टिअरिंगवर ताल धरला होता.

"काय होतं त्या प्रवेशात?" आईनं विचारलं.

पुढं लाल दिवा होता. गाडी थांबली होती. माझ्याकडं दुसरी थाप तयार असायला हवी होती, चाळीस वर्षांत कधी कमी पडली नव्हती. नव्हती तयार. दिवा हिरवा झाला, मागच्यानं हॉर्न दिला, तोवर मी सगळं सांगून टाकलं होतं. तिकीट, रविवार, बर्फ, राख.

हिल्सबरोला गाडी दारात लावल्यावर आई म्हणाली, "नवा शर्ट मागून घेतला होता त्यांनी. शनिवारपासून घालून बसले होते. नर्स ओरडत होती, झगा घाला म्हणून. म्हणाले, पोरगा येतोय." मग गाडीचं दार उघडताना, "मी सहा वर्षं त्या ज्वालामुखीला शिव्या घालतेय."

घरात आल्यावर तिनं जेवणाच्या टेबलाची एक खुर्ची ओढून खोलीच्या मधोमध ठेवली. "बस," म्हणाली. मी बसलो. तिनं पर्समधून कुंकवाची डबी काढली आणि माझ्या कपाळाला लावलं. शालीची घडी मोडून माझ्या खांद्यांवर घातली, नीट, दोन्ही टोकं सारखी करून. हातात नारळ दिला. बायको स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. आईनं पदर सावरला, हात पुढं जोडले आणि सातवी ब च्या शेवटच्या बाकापर्यंत पोचेल अशा आवाजात बोलली.

"यांचे वडील यांची वाट बघत होते. हे बर्फ बघायला गेले होते. त्याबद्दल आपण यांचा सत्कार करत आहोत."

आईनं मला जन्मात कधी अहोजाहो केलं नव्हतं. काकांनी दीड तासात दिग्दर्शकाचं जे केलं, ते तिनं तीन वाक्यांत माझं केलं. बायकोनं टाळ्या वाजवण्यासाठी की कशासाठी कोण जाणे, हात वर उचलले आणि तसेच ठेवले. मी नारळ धरून बसून राहिलो. मान आपोआप त्या कोनात गेली होती.

आई आत गेली. भांड्यांचा आवाज आला, मग कुकर लावल्याचा. जरा वेळानं तिथूनच म्हणाली, "नारळ आण इकडं. चटणीला लागतोय."

मी उठलो, नारळ नेऊन दिला आणि शाल काढायला लागलो.

"राहू दे ती," ती म्हणाली. "जेवण होईपर्यंत काढू नकोस."

मी काढली नाही.